रंगाच्या दुकानातलं वर्ष

कंपनीतलं आमचं अख्खं खातं बंद होणार, हे मला एका मंगळवारी सकाळी कळलं आणि पुढचे अकरा दिवस मी ते घरात कोणालाही सांगितलं नाही. रोज डबा घेऊन निघायचो, रोज वेळेवर परत यायचो. काम अजून चार महिने होतंच, त्यामुळे खोटं बोलावं लागत नव्हतं. फक्त खरं बोलायचं टाळावं लागत होतं. या दोन्हींत फार मोठा फरक आहे, असं मी स्वतःला पटवलं होतं.

माझे वडील साखर कारखान्याच्या लॅबमध्ये चिकटले आणि तिथूनच रिटायर झाले. मी जर्मनीत डार्मश्टाटला शिकायला आलो, शिक्षण संपल्यावर गावाबाहेरच्या एका कंपनीत लागलो आणि एकोणीस वर्षं तिथंच बसलो. यंत्रांचे सुटे भाग बनवणारी कंपनी, आणि माझं खातं क्वालिटीचं. दुसऱ्यांच्या मालातले दोष शोधायचे आणि काहीही न लपवता कागदावर मांडायचे, यावर मी संसार केला. पण आमच्या घरात 'त्याची नोकरी गेली' हे वाक्य 'तो गेला' याच सुरात म्हटलं जातं, आवाज खाली घेऊन. रविवारी आईचा फोन आला. "ऑफिस काय म्हणतंय?" मी म्हणालो, "मजेत."

याच दिवसांत कोचचं काम माझ्या गळ्यात पडलं.

कोच म्हणजे माझ्या मुलीच्या बास्केटबॉल संघाचे कोच. सत्तरीकडे झुकलेले अमेरिकन गृहस्थ, ताडमाड उंच, दोन्ही गुडघे कामातून गेलेले. बायको इथली, म्हणून अखेरीला इथं स्थायिक झाले. ती तीन वर्षांपूर्वी वारली, तरी ते इथंच राहिले. मुली त्यांना कोच म्हणतात, पालक कोच म्हणतात आणि हॉलच्या किल्ल्या सांभाळणारा आमचा खडूस हाउसमाइस्टर, जो कोणालाच हाक मारत नाही, तोसुद्धा कोच म्हणतो. ते मात्र आम्हा पालकांना मुलींच्या जर्सीवरून ओळखतात. मी 'नऊ नंबरचे बाबा'.

सराव संपला की सगळ्या मुली रांगेनं येऊन त्यांच्याशी हात मिळवतात. हा त्यांचा नियम. मॅच जिंकलेली असो, हरलेली असो, कोणाची चूक झालेली असो, हात मिळवल्याशिवाय घरी जायचं नाही. एखादी मुलगी खाली बघत हात पुढं करते. मग कोच तो हात सोडतच नाहीत. फक्त म्हणतात, "आउगन!" डोळे. त्यांचं जर्मन यथातथाच, पण हा एक शब्द अख्ख्या हॉलभर घुमतो. मान वर झाली, नजरेला नजर भिडली, की हात सुटतो. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला ही मिलिटरीची थेरं वाटली होती.

तर गावातल्या एका शाळेला दुपारच्या खेळाच्या वर्गासाठी माणूस हवा होता, आणि कोचना ते काम मनापासून हवं होतं. शाळेनं मागितला लेबेन्सलाउफ, म्हणजे बायोडेटा. जर्मनीत त्याच्याशिवाय मांजरसुद्धा उंदीर धरत नाही. कोचनी आयुष्यात कधी बायोडेटा लिहिलाच नव्हता. "आमच्या धंद्यात फोन येतो," ते म्हणाले. "एका फोननं नोकरी लागते, एका फोननं जाते." मुलींच्या बास्केटबॉल क्लबच्या सभांची टिपणं लिहिण्याचं काम माझ्याकडे. क्लबचे पदाधिकारी निवडताना मी खिडकीबाहेर बघत बसलो होतो, त्याची ही शिक्षा. त्यामुळे हे लिखाणही माझ्याच नावावर लागलं.

पहिल्या शनिवारी दुपारी लॅपटॉप घेऊन त्यांच्या स्वयंपाकघरात बसलो. मला वाटलं होतं, कपाटभर ढाली आणि कप असतील. एकही नव्हता. फ्रीजवर मात्र फोटोच फोटो, सगळे लग्नांचे. उंचच उंच नवरदेव आणि प्रत्येक फोटोत कुठल्या तरी कोपऱ्यात कोच, कधी काळ्या केसांचे, कधी पांढऱ्या. "माझी पोरं," ते म्हणाले आणि कॉफी ओतायला लागले.

मग सांगायला लागले. तेविसाव्या वर्षी एका कॉलेजात सर्वांत धाकटे मदतनीस. काम काय, तर टॉवेल धुवायचे आणि प्रतिस्पर्ध्यांच्या मॅचच्या फिती बघून कागदावर चाली काढायच्या. मग एका शाळेत इतिहास शिकवणं आणि संध्याकाळी संघ. मग दुसरं कॉलेज. मग एका लहानशा कॉलेजचे मुख्य कोच. मग व्यावसायिक संघात खेळाडू हेरायचं काम, वर्षातले कितीतरी दिवस विमानतळावर. मग अशा गावांतले संघ की जिथं मॅचच्या आधी त्यांनाच बाकं मांडावी लागत. शेवटी जर्मनीतला एक संघ, ऐन हंगामाच्या मध्यावर संपलेला. बारा गावं मोजली मी. बारा वेळा बिऱ्हाड बांधून उचललेलं, मुलांच्या शाळा बदललेल्या. आणि प्रत्येक गावाचं वर्णन त्यांनी तिथल्या पोरांच्या स्वभावावरून केलं, जिंकण्या-हरण्यावरून एकदाही नाही. मी टाइप करायचं विसरून नुसता ऐकत राहिलो. एकोणीस वर्षांत मी फक्त एकदा टेबल बदललं होतं, तेही खिडकीजवळ मिळालं म्हणून.

त्या बारांपैकी चार ठिकाणी त्यांना काढून टाकलेलं होतं. "तिथं मला काढलं," असं ते म्हणायचे. त्या दिवशी पाऊस होता, असं सांगावं तितक्या सहज. दर वेळी माझा हात कीबोर्डवर थबकायचा.

घरी येऊन मी आठवडाभर तो कागद नीट केला. आपल्याकडे सोयरिकीच्या वेळी मुलाची माहिती जशी 'नीट' करतात, तसा. 'काढलं'च्या जागी 'करार पूर्ण' आला. एका वर्षी त्यांनी कुठंच कोचिंग केलेलं नव्हतं. त्या वर्षाबद्दल ते काही सांगत होते, पण आधीच्या 'काढलं'वरच अडकून मी ते अर्धवट ऐकलं होतं. त्याच्या अलीकडची नोकरी सहा महिने पुढं ताणली, पलीकडची सहा महिने मागं, आणि भोक बुजवून टाकलं. क्वालिटीवाल्या माणसानं केलेलं काम ते, शिवण दिसणारच नाही असं. मला अभिमान वाटला, हे आता कबूल करायला हवं. आणि हे सगळं मी कुणासाठी करत होतो, हे तेव्हा माझ्या डोक्यात शिरलं नव्हतं.

दुसऱ्या शनिवारी कोचनी चष्मा लावून, ओळीवर बोट ठेवत तो कागद वाचला. वाचून झाल्यावर विचारलं, "हा माणूस कोण?"

मी हसलो. ते हसले नाहीत.

"हा कुणी फार यशस्वी माणूस दिसतोय. त्यालाच पाठव शाळेत." मग त्यांनी बोट नेमकं बुजवलेल्या भोकावर ठेवलं. "इथं एक वर्ष होतं. कुठं गेलं?"

"कोच, इथले लोक रिकाम्या वर्षाबद्दल फार विचारतात," मी म्हणालो.

"रिकामं?" त्यांनी चष्मा काढला. "अरे, एखादा मुलगा संघात हवा असेल तर आम्ही काय करतो माहीत आहे? त्याच्या घरी जातो. स्वयंपाकघरात बसतो, त्याची आई वाढेल ते खातो. ती बास्केटबॉलबद्दल काही विचारत नाही. विचारते, माझा मुलगा शिकून बाहेर पडेल ना? आणि आम्ही शब्द देतो. त्या कॉलेजसाठी मी असे चार शब्द दिले होते. मुलांचं तिसरं वर्ष संपत आलं, शेवटचं एक उरलं, तेव्हा मला काढलं. कॉलेजनं मला काढलं, त्या चार आयांनी नव्हतं काढलं."

मग त्यांनी ते वर्ष सांगितलं. दुसऱ्या गावाहून बोलावणं आलेलं असताना ते त्याच गावात राहिले. हार्डवेअरच्या दुकानात रंग मिसळून द्यायची नोकरी धरली. ज्या लोकांनी आदल्या वर्षी स्टेडियममध्ये त्यांच्या नावानं शिव्या घातल्या होत्या, तेच काउंटरसमोर उभे राहून बेडरूमसाठी फिकट निळा मागत. रोज सकाळी ते चौघांच्या खोल्यांवर जाऊन दार ठोठावत, तासाला पाठवत, मग दुकान. संध्याकाळी त्या चौघांच्या मॅच प्रेक्षकांत बसून बघत. त्यांच्या जागी आलेला नवा कोच त्यांनीच घडवलेल्या मुलांना घेऊन खेळत होता आणि हे वरच्या रांगेत टाळ्या वाजवत होते. चौघंही पास झाले. चारही आया पदवीदानाला आल्या, आणि दुपारी जेवायला कोचच्या घरी.

मी फ्रीजवरच्या फोटोंकडे बघितलं. देवळात गेल्यावर कधीमधी होतं तसं झालं होतं, आणि ते स्वयंपाकघरातल्या प्लास्टिकच्या खुर्चीवर झालं होतं. एवढा मोठा माणूस, आणि मी त्याचं सगळ्यांत मोठं वर्ष पांढऱ्या रंगानं रंगवून टाकलं होतं.

"आणि काढल्यावर?" मी विचारलं. "घरी कसं सांगायचात?"

"सोपा नियम आहे," ते म्हणाले. "ऑफिसातून निघायचं ते थेट संघाकडे जायचं. उभं राहून सांगायचं, कारणं द्यायची नाहीत. मग एकेकाशी हात मिळवायचा. बातमी त्यांना पेपरातून कळता कामा नये. हरणं चालतं रे. लपून बसलेला कोच पोरांना चालत नाही."

आणि मी, ज्यानं बायकोला सांगितलं नव्हतं, आईला सांगितलं नव्हतं, त्या परक्या माणसाला सांगून मोकळा झालो. खातं बंद होतंय. चार महिने आहेत. पन्नाशी जवळ आलीय.

त्यांनी धीर दिला नाही, सगळं ठीक होईल म्हणाले नाहीत. विचारलं, "तुझ्या संघाला माहीत आहे?"

"नाही."

"किती दिवस झाले?"

"अकरा."

त्यांनी माझ्यासमोरचा अर्धा भरलेला कप उचलला आणि मोरीत ओतून दिला. "मग इथं काय करतोयस?" म्हणाले. "लेबेन्सलाउफ उद्या. चारही 'काढलं' परत घाल. आणि रंगाचं दुकान ठळक अक्षरांत."

(ते दुसऱ्या दिवशी घातलं. शाळेच्या बाईंनी मुलाखतीत फक्त त्याच वर्षाबद्दल विचारलं, आणि कोचना काम मिळालं.)

सायकलवरून घरी आलो तेव्हा दोघी टेबलाशीच होत्या. बायको पोह्यांवर खोबरं घालत होती. मुलगी एका हातानं खात, दुसऱ्या हातानं फोन चाळत होती. ती पंधरा वर्षांची आहे. मराठी सगळं समजतं, उत्तर मात्र जर्मनमध्ये येतं. मी खुर्ची ओढली आणि मग आठवलं. खुर्ची परत आत सरकवली आणि उभा राहिलो.

"आमचं खातं बंद होतंय," मी म्हणालो. "चार महिन्यांनी माझी नोकरी जाईल. मला अकरा दिवसांपूर्वी कळलं. सांगायला हवं होतं, नाही सांगितलं."

कारणं तोंडाशी आली होती. एकोणीस वर्षं, बाजारातली मंदी, मॅनेजमेंटचा मूर्खपणा, सगळी रांग लावून उभी होती. एकही बाहेर सोडलं नाही.

बायकोनं खोबऱ्याची वाटी खाली ठेवली. "तरीच," ती म्हणाली. "आठवडाभर डब्यातली भाजी अर्धी परत येतेय. मला वाटलं, तुला बीपी-बीपी झालंय आणि सांगत नाहीयेस." मग आवाज चढला. "अकरा दिवस? अरे, मी काय भाडेकरू आहे का या घरात?" मग डोळे पुसले आणि म्हणाली, "आल्झो, बरं तर, चार महिने आहेत ना हातात? बस आधी. खाऊन घे."

पण मला बसता येईना, कारण मुलगी उठली होती. तिनं फोन उलटा ठेवला, टेबलाला वळसा घालून माझ्यासमोर आली आणि हात पुढं केला. मला वाटलं होतं ती रडेल, किंवा आता स्पेनच्या सहलीचं काय म्हणून विचारेल. मी तिचा हात धरला. नजर मात्र खाली, तिच्या मोज्यांवर. हात सोडवून घ्यायला गेलो, तर ती सोडेना.

"बाबा," ती म्हणाली. "आउगन."