शेवटच्या स्लेजचा हात

आउने पेल्टोवारा हिच्याइतकी कमी बोलणारी बाई वास्को गावात दुसरी नव्हती, आणि वास्को हे मुळातच फार बोलणाऱ्यांचं गाव नाही. तिशीपर्यंत तिने मासळीच्या कारखान्यात माशांची पोटं साफ केली, आणि एके दिवशी पगार घेऊन घरी यायच्याऐवजी सहा कुत्री घेऊन आली. लग्न केलं नाही. कुत्री निदान कुठे होतीस म्हणून विचारत नाहीत, एवढंच तिचं त्यावरचं मत. आता बासष्टाव्या वर्षी तिच्याकडे चव्वेचाळीस कुत्री होती, गुडघे कामातून गेले होते आणि कुत्र्यांच्या गाडीतून बर्फावर फिरायला येणाऱ्या परदेशी पाहुण्यांशी बोलण्यापुरतं चाळीसेक शब्दांचं इंग्रजी होतं. त्यातलाही बराचसा कारभार ती 'ब्रेक' या एकाच शब्दावर भागवायची.

डिसेंबर ते एप्रिल, रोज एक फेरी. पाहुणे व्हॅनमधून उतरायचे, आउनेकडचे जाडजूड कपडे अंगावर चढवून बेढब व्हायचे आणि कुत्र्यांचा आरडाओरडा ऐकून घाबरायचे. निघेपर्यंत कुत्री नुसती किंचाळत असतात. दोर सुटला की एकदम गप्प. मग धापा आणि लाकडी पट्ट्यांची बर्फावरची सळसळ, एवढंच ऐकू येतं. पुढे आउने, मध्ये पाहुण्यांच्या स्लेज, म्हणजे कुत्र्यांनी ओढायच्या घसरगाड्या, शेवटी मदतनीस.

या धंद्यात एक रीत आहे. पुढचा वाटाड्या अधूनमधून मागे वळतो, स्लेज मोजतो आणि हात वर करतो. सगळ्यात शेवटचा माणूस हात वर करून उत्तर देतो. त्या हाताचा अर्थ एकच, माझ्या मागे कोणी नाही. तो हात दिसल्याशिवाय कोणी पुढे जात नाही.

पाहुण्यांच्या तीन आणि मदतनिसाची एक, अशा चार स्लेज आउनेच्या मागे असायच्या. जंगलात मोजल्या तर चारच भरायच्या. तळ्यावर उतरलं की पाच. भर हिवाळ्यात तिथे सूर्य वर येतच नाही, दुपारी बारालाही नुसता निळसर उजेड असतो. आउनेने स्वतःला समजावलं की उजेडाचा दोष आहे. पुढे डोळ्यांचा दोष म्हणून शहरात जाऊन चष्मा करून आणला. नव्या चष्म्यातून पाचवी स्लेज जास्त स्पष्ट दिसली. त्यानंतर ती त्या वाटेला गेली नाही, म्हणजे चष्मेवाल्याच्या. तळ्यावर तर रोज जावंच लागायचं.

पाचव्या स्लेजवर कोण आहे हे तिला ठाऊक होतं. आपण एकवीस वर्षांपूर्वी काय केलं, तेही ठाऊक होतं.

एन्सिओ हा तिचा शेजारी आणि धंद्यातला भागीदार. हसरा, बडबड्या, कोणालाही आवडेल असा. थंडी पडून तळं गोठलं की त्यावरची वाट आखायचं काम आउनेचं असायचं. गिरमिटाने बर्फाला आरपार भोक पाडायचं, बर्फ वीतभर तरी जाड आहे ना हे बघायचं आणि त्याच भोकात खुणेसाठी स्प्रूसचं, म्हणजे तिथल्या सूचिपर्णी झाडाचं, रोपटं उभं करायचं. भोकातलं पाणी गोठलं की रोपटं असं बसतं की कुऱ्हाडीशिवाय निघत नाही. रोपटं उभं आहे म्हणजे तिथला बर्फ कोणीतरी मोजलेला आहे. मग हिमवादळात डोळ्यांत बोट घातलं तरी दिसत नसेना का, माणूस एका रोपट्यावरून दुसऱ्यावर बिनघोर जातो.

त्या वर्षी शेवटची तीन रोपटी राहिली होती. गिरमिटाची धार गेली होती, आउनेच्या पायाची बोटं बधिर झाली होती आणि आतापर्यंत बर्फ सगळीकडे सारखाच निघाला होता. तिने ती तीन रोपटी नुसती बर्फाच्या ढिगात खोचली आणि थर्मासमधली उरलेली कॉफी वर ओतून गोठवली. तिथे खालून ओढा तळ्याला मिळतो, वाहतं पाणी बर्फाला आतून खातं, हे तिला लहानपणापासून माहीत होतं. पण घर जवळ होतं आणि तिला घरी जायचं होतं.

दुसऱ्या दिवशी एन्सिओ सात कुत्री जुंपून ती वाट तपासायला गेला आणि येताना हिमवादळात सापडला. पुढच्या सकाळी त्याची म्होरकी कुत्री एकटीच परत आली, दातांनी तोडलेला दोर गळ्यात घेऊन. तिने तिथे नक्कीच पाय रोवले असणार, मागे ओढलं असणार. आणि एन्सिओने तिला दटावलं असणार, कारण त्याला समोर रोपटं दिसत होतं. त्याने आपल्या कुत्रीपेक्षा आउनेवर जास्त विश्वास ठेवला.

आउने तळ्यावर पोचली तेव्हा एन्सिओ स्लेजसकट आत गेला होता त्या भोकावर दोन बोटं जाडीचा नवा बर्फ धरला होता. आत त्याची टोपी गोठलेली होती. कोणाला वाचवायचं उरलं नव्हतं. फोन करायला धावण्याआधी तिने ती तीन रोपटी उपटली. हाताने, सहज निघाली. चाळीस पावलं काठाकडे, बर्फ जाड होता तिथे, तिने व्यवस्थित भोकं पाडून ती पुन्हा लावली. मग ओरडत गावाकडे गेली.

गावाने निकाल दिला. एन्सिओने दहा मिनिटं वाचवायला खुणा सोडून आडवाट धरली आणि स्वतःबरोबर सहा कुत्र्यांचाही जीव घेतला. त्याची बायको मिर्या हे बोलणं ऐकून ऐकून विटली आणि सात वर्षांच्या मुलीला घेऊन ओउलूला निघून गेली.

गेल्या शरद ऋतूत ती मुलगी परत आली. हेल्का आता अठ्ठावीस वर्षांची होती. आई वारली होती. तिला कुत्र्यांबरोबरचं काम हवं होतं, आणि म्हाताऱ्या आउनेला मदतीला कोणीतरी हवंच होतं. नाही म्हणायचं तर कोणत्या तोंडाने?

एका सकाळी पाहुणे घेऊन आलेला गावातला काउको व्हॅनच्या खिडकीतून डोकं बाहेर काढून म्हणाला, "काय गं हेल्का, यंदा खुणा तू लावल्यास म्हणे? बघ बाई. बापासारखी दहा मिनिटं वाचवायला जाऊ नकोस."

"काउको, गेल्या महिन्यात सरळ रस्त्यावरून ही व्हॅन खड्ड्यात कोणी घातली, ते सांग आधी."

काउको खो खो हसला आणि निघून गेला. हेल्का कुत्र्यांच्या पायांत मोजे चढवायला बसली. थोड्या वेळाने मान वर न करता म्हणाली, "प्रत्येक खुणेजवळ दोन-दोन भोकं पाडलीत मी. ओढा मिळतो त्या वळणावर तर तीन-तीन. माझ्याबद्दल कोणाला बोलायला जागाच ठेवायची नाही."

"बरं केलंस."

"आईनं मरेपर्यंत बाबांना माफ केलं नाही, माहितीये? दहा मिनिटांसाठी आपल्याला उघड्यावर टाकलं म्हणायची. हॉस्पिटलातसुद्धा तेच."

आउने पट्ट्याचं बक्कल लावत होती. ते आधीच लागलेलं होतं.

"आणि हे बघ," हेल्का म्हणाली, "आज तळ्याची गोष्ट मी सांगते."

"कशाला?"

"तुझ्या इंग्रजीत तो माणूस दर वेळी ब्रेक न लावल्यामुळे मरतो, म्हणून."

तळ्याच्या पलीकडच्या काठावर तीन भिंतींचं छप्पर आहे. तिथे शेकोटी पेटवायची, पाहुण्यांना बेरीचा गरम रस आणि भाजलेली सॉसेज द्यायची आणि वाट सोडू नका हे मनावर बिंबवण्यासाठी एन्सिओची गोष्ट सांगायची. वीस हिवाळे आउने ती सांगत आली होती. दर फेरीला एकदा ती त्याला स्वतःच्या चुकीने मारायची आणि मग सॉसेज उलटायची.

त्या दिवशी जाताना तळ्यावर तिने मागे वळून मोजलं. पाच. तिने हात वर केला. हेल्काने हात वर केला. तिच्या मागच्यानेही केला.

शेकोटीभोवती पाहुणे बसले. हेल्काने काजळी धरलेली किटली बाजूला ठेवली आणि सुरुवात केली. तिचं इंग्रजी छान होतं. समोर, ती तीन झाडं दिसतात ना, तिथलीच गोष्ट. तिथे बुडाले ते माझे वडील होते. मायाळू होते, मला खांद्यावर घेऊन कुत्र्यांना खायला घालायचे. पण त्या दिवशी त्यांनी घाई केली. चूक त्यांची होती. म्हणून सांगते, खुणा कधी सोडू नका. शेवटी ती थोडी हसली, पाहुण्यांना अवघडल्यासारखं होऊ नये म्हणून वाटाडे हसतात तशी. मारेइके नावाच्या डच बाईने तिच्या पाठीवर हात ठेवला.

आउनेला एकवीस वर्षं भीती वाटत आली होती. लाज त्या क्षणी वाटली. ती इतकी वाटली की तिला गप्प बसवेना.

"हेल्का," ती आपल्या भाषेत म्हणाली, "त्यानं खुणा सोडल्या नव्हत्या."

"काय?"

"खुणा तिथं होत्या. ओढ्याच्या तोंडावर. मी लावल्या होत्या. नंतर मी त्या काठाकडे हलवल्या."

पाहुणे दोघींकडे बघून हसत होते. त्यांना वाटलं, सॉसेजबद्दल काही बोलणं चाललंय. हेल्का म्हणाली, "काहीतरीच काय बोलतेस. गोठलेलं रोपटं हातानं निघतं का?"

"भोक पाडलंच नव्हतं मी. नुसतं बर्फात खोचलं होतं. वर कॉफी ओतली."

या धंद्यातल्या माणसाला त्यापुढे काही समजावून सांगावं लागत नाही.

"कॉफी?" ती म्हणाली.

"पाय गारठले होते माझे. घरी जायचं होतं."

"आणि मग एकवीस वर्षं?"

"घाबरले मी. आधी लोकांना घाबरले. मग तुझ्या आईला. मग सवय झाली."

"सवय झाली," हेल्का म्हणाली. "काउको आज सकाळी बोलला तेव्हा तू तिथं होतीस. तुझ्या कानावर पडलं ना ते? आई हॉस्पिटलात होती तेव्हा तू मोजे पाठवलेस. लोकरीचे मोजे पाठवलेस गं तू!" तिचा आवाज चढला आणि पाहुण्यांचं हसणं थांबलं.

"काय म्हणतात त्या?" मारेइकेने हळूच विचारलं.

हेल्का उभी राहिली. डोळे पुसले, नाक शिंकरलं आणि पाहुण्यांकडे वळून इंग्रजीत म्हणाली, "मी सांगितलेल्या गोष्टीत एक दुरुस्ती आहे. माझ्या वडिलांनी खुणा सोडल्या नव्हत्या. खुणा चुकीच्या जागी होत्या. त्यांची काही चूक नव्हती." मग ते वाक्य तिने पुन्हा एकदा म्हटलं. "त्यांची काही चूक नव्हती." पाहुण्यांनी माना डोलावल्या.

किटली रिकामी करून तिने आगीवर बर्फ लोटला. आउनेकडे न बघता म्हणाली, "परतताना पुढे मी. तू मागे राहा."

एवढ्या वर्षांत आउने कधी शेवटी राहिली नव्हती. हेल्काची स्लेज पुढे गेली, पाहुण्यांच्या तीन गेल्या, मग तिने आपली स्लेज थोपवून धरणारा, बर्फात रोवलेला आकडा उपटला. तळ्यावर उतरल्यावर वारा पडला. समोर चार पाठी दिसत होत्या. मागे बघायचं तिने टाळलं. ओढ्याच्या वळणावर, त्या तीन रोपट्यांजवळ हेल्का थांबली, मागे वळून मोजलं आणि हात वर केला.

आता आउनेने हात वर करायचा होता. माझ्या मागे कोणी नाही, एवढंच सांगायचं होतं. तिने ब्रेकवर पाय दाबून धरला. हात काही वर जाईना. लबाडी करून झाली होती तिची, आणखी एक करवत नव्हती.

हेल्काने पुन्हा हात वर केला. थांबली. मग आकडा रोवून, पाहुण्यांच्या स्लेज ओलांडत ती सगळं अंतर चालत मागे आली.

"हात का नाही केलास?"

"नाही करवत मला."

"का? मागे कोण आहे?"

आउनेच्या कुत्र्यांनी माना मागे वळवल्या होत्या. म्होरकी तुइस्कू, एन्सिओच्या त्या दोर तोडून घरी आलेल्या कुत्रीच्या नातीची मुलगी, तीसुद्धा. एकही भुंकत नव्हतं. ओळखीचं माणूस आलं की हलवतात तशा शेपट्या हळूहळू हलवत, सगळी रिकाम्या बर्फाकडे बघत होती.

हेल्काने कुत्र्यांकडे पाहिलं. मग ती बघत होती तिकडे पाहिलं. पापण्यांवर पाणी गोठायला लागलं तरी तिने ते पुसलं नाही.

"बाबा," ती म्हणाली, "चला. खुणा मी लावल्यात."

आणि आपल्या स्लेजकडे चालत गेली.