दहा मोजेपर्यंत

त्या उन्हाळ्यात आमच्या घरात एकच प्रश्न होता, "उडालं का?" अप्पा सकाळी चहाच्या आधी विचारायचे, दुपारी बँकेत फोन करून विचारायचे, आणि संध्याकाळी मी जिना चढते न चढते तोच खालची घरमालकीण जाळीच्या दारातून विचारायची, "बेटा, बाऊजी का रॉकेट उड़ा?" जसं काही ते रॉकेट आमच्याच गच्चीवर उभं होतं आणि मीच काडी लावायला विसरत होते.

अप्पा म्हणजे माझे वडील. कराडच्या एका शाळेच्या प्रयोगशाळेत साहाय्यक म्हणून त्यांनी सगळी नोकरी काढली. मी बँकेत अधिकारी, बदलीवर जयपूरला आलेली. नवरा त्याच्या नोकरीपायी इंदूरला, नववीतली लेक माझ्याजवळ. राजा पार्कच्या मागच्या गल्लीत दुसऱ्या मजल्यावर भाड्याचं घर आणि वर मोकळी गच्ची.

अप्पांना काचबिंदू होता. डावा डोळा आधीच गेलेला. उजव्याला चहूबाजूंनी अंधार येत चालला होता, मध्ये नळीतून बघावं एवढीच जागा उरली होती. कराडच्या डॉक्टरांनी मला फोनवर स्वच्छ सांगितलं की गेलेली नजर परत येत नाही, औषधाचे थेंब घालून उरलेली टिकवायची. "किती दिवस टिकेल?" मी विचारलं. ते म्हणाले, "दिवाळीपर्यंत टिकली तरी नशीब समजा."

त्याच सुमाराला बातमी आली. एका खासगी कंपनीचं यान चार माणसांना घेऊन अंतराळ स्थानकावर जाणार होतं. अमेरिकेची एक बाई, पोलंडचा एक, हंगेरीचा एक आणि एक आपला. त्या स्थानकात आपल्याकडचं माणूस कधी गेलं नव्हतं. अप्पांनी बातमी रेडिओवर ऐकली आणि मला फोन केला.

"ते स्थानक सांजचं नुसत्या डोळ्यानं दिसतं," ते म्हणाले. "ताऱ्यागत. आपला माणूस आत असताना येकदा बघायचं हाय मला. मग डोळा गेला तरी चालंल."

मी "बरं बरं" म्हणून फोन ठेवला आणि बँकेच्या रेकॉर्ड रूममध्ये जाऊन रडले. अप्पांनी आयुष्यात माझ्याकडे काही मागितलेलं मला आठवत नाही. मागितलं ते हे.

शाळेत एक जुनी दुर्बीण होती आणि ती अप्पांच्या ताब्यात असायची. ग्रहण असो, शनीची कडी असोत, मैदानावर अर्ध्या गावाची रांग लागायची. अप्पांचा नियम एकच, दहा मोजेपर्यंत बघायचं आणि सरकायचं. मोजायचे तेच, मोठ्यानं. हेडमास्तरांनाही दहाच. मी एकदा डोळा काढेना, तर माझं डोकं धरून बाजूला केलं आणि म्हणाले, "बापाची दुर्बीण म्हणून अकरा न्हाईत मिळणार. मागं लोकं थांबल्यात." सगळ्यांचं झाल्यावर त्यांचा नंबर येई, तोवर ढग आलेले असत, नाहीतर शिपाई फाटकाला कुलूप घालायला उभा असे. अख्ख्या गावाला आकाश दाखवणाऱ्या माणसानं स्वतः किती पाहिलं असेल, याचा हिशेब मी कधी केला नव्हता.

पहिला बेत साधा होता. मी फोनवर एक ॲप घेतलं. स्थानक कुठल्या संध्याकाळी, किती वाजता, कुठल्या दिशेला दिसणार ते सांगणारं. त्यात गाव घातलं कराड. मी इथून अप्पांना फोन करायचा आणि त्यांनी अंगणात जाऊन बघायचं. पण उड्डाण पुढे ढकललं. मग परत ढकललं. जून लागला आणि कराडवर ढग आले. तिकडे एकदा ढग आले की दसऱ्यापर्यंत आकाश विसरायचं. म्हणून मीच म्हटलं, अप्पा, जयपूरला या, इथं आभाळ कोरडं असतं.

ते आले, आणि नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं सुरू झाली. कधी तिथलं हवामान बिघडलं, कधी रॉकेटमध्ये गळती, कधी खुद्द स्थानकातच गळती. तारीख मिळायची, आम्ही तयार व्हायचो, तारीख जायची. ते चौघं तिकडे संसर्ग नको म्हणून कुणालाही न भेटता एका जागी कोंडून घेतलेले, आणि इकडे आम्ही तिघं. बाहेर चव्वेचाळीस अंश. कूलरच्या आवाजात अप्पांना रेडिओ ऐकू यायचा नाही म्हणून ते कूलर बंद करायचे, मग मी लावायची, मग ते बंद करायचे. रोज सकाळी कराडला परत जायची पिशवी भरायचे आणि संध्याकाळी उपसायचे. माझा स्वभाव मुळात तापट, त्यात शाखेत माणसं कमी. एकदा मी ओरडलेच, "अप्पा, रॉकेट माझ्या हातात आहे का?" ते म्हणाले, "न्हाई. पर रागवायला तूच हायस न्हवं?"

संध्याकाळी मात्र ते गच्चीवर जाऊन पाण्याच्या टाकीच्या कट्ट्यावर बसायचे, रोज त्याच जागी, दक्षिणेकडे तोंड करून. लेकीनं विचारलं, "आजोबा, इकडेच का? मतलब, तिकडे किल्ला दिसतो ना, उत्तरेला."

"हिकडं कराड हाय," ते म्हणाले.

एका रविवारी त्यांना जंतरमंतर दाखवायला नेलं. मोठ्या सूर्यघड्याळाची सावली आणि माझं घड्याळ यांत बरंच अंतर होतं. मी म्हटलं, चुकतंय हे. अप्पांनी मला उन्हातच उभं करून शिकवणी घेतली. "ह्ये न्हाई चुकत. आपलं घड्याळ साऱ्या देशाचं, आन् ही सावली जयपूरची. वरचं काय बी बघायचं तर आदी आपण कुठं उभं हाय ते इचारावं." माझं अर्धं लक्ष फोनवर होतं. नवीन तारीख आली होती.

ती तारीख खरी ठरली. भर दुपारी, कामाच्या दिवशी. मी जेवणाच्या सुट्टीच्या आधीच काउंटरवर फलक लावला आणि आतल्या खोलीत फोनवर उड्डाण बघितलं. घरी अप्पा, लेक आणि घरमालकीण टीव्हीसमोर होती. लेकीनं नंतर सांगितलं की आजोबा पडद्याला नाक लावून बसले होते, तरी त्यांना पांढऱ्या डागाशिवाय काही दिसलं नाही. घरमालकिणीनं मोतीचूर वाटले. दुसऱ्या दिवशी यान स्थानकाला जोडलं गेलं. "आता माणूस आत हाय," अप्पा म्हणाले. "आता माझं काम."

आणि जयपूरला पाऊस लागला. ज्या आभाळाच्या भरवशावर म्हाताऱ्या माणसाला एवढ्या लांब आणलं, तेच आभाळ भरलं. ॲप संध्याकाळी सूचना द्यायचं, आम्ही गच्चीवर जायचो आणि ढगाकडे बघून खाली यायचो. एक दिवस धूळ, तीन दिवस ढग. मी त्यांचं तिकीट दोनदा पुढे ढकललं. तिसऱ्यांदा डॉक्टरांनी बजावलं, डोळ्याचा दाब तपासायलाच हवा, आता आणा. सकाळी मी त्यांना हात धरून दुधाच्या दुकानापर्यंत नेऊ लागले होते. आले तेव्हा ते एकटे जायचे.

शेवटच्या संध्याकाळी आभाळ धुऊन निघालं. एवढं स्वच्छ आभाळ मी जयपूरला त्याआधी पाहिलं नव्हतं. ॲपनं सांगितलं, आठ वाजायच्या थोडं आधी, वायव्येला, चांगलं उंच. मी सगळी मोहीम हातात घेतली. लेकीला वायव्येकडे फोन धरून उभं केलं, दटावलं की मान हलवायची नाही. अप्पांना हाताला धरून तिथं आणलं, खांद्याला धरून तोंड वळवलं. पाच मिनिटं झाली, दहा झाली. ते उभं राहून थकले. "मी जरा टेकतो," म्हणाले आणि भिंतीला चाचपत आपल्या कट्ट्यावर जाऊन बसले.

"अप्पा, आत्ता येईल हो, जाऊ नका!"

"तुमी बगा. आलं की सांगा."

वेळ झाली. वायव्येला काही नाही. मी डोळे फाडून बघत होते. पाठीमागे अप्पा हळू आवाजात काहीतरी मोजत होते. मला वाटलं, कंटाळलेत, वेळ मोजतायत. एवढे हट्ट, एवढी तिकिटं, आणि आता हे पण हुकणार.

मग ते म्हणाले, "दिसलं गं."

मी मानसुद्धा वळवली नाही. "कुठं?"

"ह्ये काय हिकडं. उजवीकडनं डावीकडं चाललंय. या, बसा हितं." कट्ट्यावर हात थोपटल्याचा आवाज आला.

"अप्पा, त्या बाजूला विमानतळ आहे. विमान असेल ते." माझा आवाज चढला होता. "तू हलू नकोस गं!" हे लेकीला.

ते म्हणाले, "आसंल. इमान आसंल."

आम्ही साडेआठपर्यंत वायव्येकडे बघत राहिलो. मग मी त्यांना जिन्यावरून खाली आणलं. मनात एक वाईट विचार आला, तो इथं लिहूनच टाकते. मला वाटलं, ते खोटं बोलले. मला वाईट वाटू नये म्हणून, किंवा एकदाचं घरी जाता यावं म्हणून. त्याचाही मला राग आला. दुसऱ्या दिवशी स्टेशनवर गाडीत बसवताना मी थेंबांच्या वेळा तीनदा सांगितल्या आणि दुसरं काही बोलले नाही. सोबतीला नवरा इंदूरहून आला होता, तो त्यांना घेऊन गेला.

काही दिवसांनी ते चौघंही सुखरूप परत आले. अप्पांनी फोनवर फक्त विचारलं, "उतरले का नीट?"

डॉक्टरांचा अंदाजही चुकला. दसऱ्याच्या आधीच उजवा डोळा गेला. आता त्यांना दिवस आणि रात्र कळते, बाकी नाही.

दिवाळीनंतर एका संध्याकाळी माझा फोन वाजला. ॲपची सूचना. मी तोवर ते काढूनही टाकलं नव्हतं. फोन लेकीच्या हातात होता. ती वाचता वाचता थांबली.

"मम्मी, इथे वर कराड लिहिलंय."

"मग?"

"मतलब, हे सगळं कराडहून दिसणारं आहे. आपण जयपूरला आहोत."

मी फोन हिसकावून घेतला. बारीक अक्षरात, वरच्या कोपऱ्यात, कराड. मीच घातलेलं. अप्पांना जयपूरला आणलं, त्यांची चादर, औषधं, रेडिओ सगळं आणलं, आणि गाव बदलायचं राहिलं. शाखेत दुसऱ्याच्या कागदावर एक आकडा चुकला तर मी तो परत पाठवते. लेकीनं इंटरनेटवर कुठूनतरी जुन्या वेळा शोधल्या. त्या संध्याकाळी स्थानक कराड आणि जयपूरच्या मधून गेलं होतं. कराडहून बघणाऱ्याला वायव्येला. जयपूरहून बघणाऱ्याला दक्षिणेकडून वर येऊन आग्नेयेला. उजवीकडून डावीकडे.

दोन धडधाकट डोळ्यांच्या आम्ही दोघी पाठ करून उभ्या होतो, आणि ते बघत होते. आणि मी त्यांना सांगितलं की ते विमान आहे. चार महिने ते तसंच समजून बसले असतील, आणि आता परत बघायला डोळा नाही.

मी तिथंच जिन्यात बसून फोन लावला.

"अप्पा, ते विमान नव्हतं. तेच होतं. माझं चुकलं. मी गाव कराडच ठेवलं होतं."

पलीकडे रेडिओ बारीक झाला.

"मला ठाऊक हाय की," ते म्हणाले. "इमानाला लाल दिवा आसतो. ह्येला न्हवता. आन् आवाज बी न्हवता."

"मग तेव्हा बोलला का नाहीत? आसंल कशाला म्हणालात?"

"तू लई दमली हुतीस गं. म्हटलं, आता आणि वाद नको."

नाक ओढून मी कसंबसं विचारलं, "नीट दिसलं का? किती वेळ बघितलंत?"

"दहा मोजलं," अप्पा म्हणाले, "आन् सरकलो. पुढचा नंबर तुमचा हुता."