विमलाजींची टाळी

मंडळी, तोंडाची डावी बाजू लुळी पडल्यापासून माझं हसू पोटातच राहतं, ओठांवर येत नाही. इथं सोडाला वस्तीतल्या आमच्या हिंदी बोलणाऱ्या शेजारीण विमलाजी हल्ली मला टाळायच्या. मला वाटे, माझं वाकडं तोंड त्यांना बघवत नाही.

आज जिन्यात गाठलंच त्यांना. "क्यों जी, इतनी बुरी दिखती हूँ?"

त्या रडवेल्या झाल्या. "मैं कुछ भी बोलूँ, आप हँसती ही नहीं. लगा, नाराज हो."

मग त्यांना आपली मराठी टाळी शिकवली. हसू आलं की मी हात पुढे करणार, त्यांनी टाळी द्यायची.

लगेच त्यांनी नवऱ्याच्या घोरण्याची नक्कल केली. तळहात लाल झाले हो आमचे!

तुम्हीही नुसत्या चेहऱ्यावरून कुणी रागावलंय असं धरून बसला नाहीत ना?