अमेरिकेच्या बेडकाची धोंडी

कॉन्व्हेंटच्या मैत्रिणींनो, ही ई-मेल वाचून मला दुष्ट म्हणायचं असेल तर खुशाल म्हणा.

आमच्या पाथर्डीत शेजारच्या शालनच्या मुलाने अमेरिकेतून झाडावरच्या बेडकांची जोडी आणली आणि हौसेने काचपेटीत पाळली. तिकडे हे बेडूक बाहेरून आले आणि तिथल्या बेडकांना गिळत सुटले, हे त्यानेच सांगितलं होतं. तरी शालनने गेल्या आठवड्यात एक आडात सोडला. म्हणे, "करमंना त्याला!"

आज पाऊस मागायला बायकांची धोंडी निघाली. कोरड्या दिवसांत बेडूक मिळेना, म्हणून शालनने मोठ्या ऐटीत दुसरा दिला. बायकांनी तो मुसळाला उलटा टांगला आणि घरोघरी त्याच्यावर पाणी ओतून घेत माझ्या दारात आल्या.

"आता याचं काय करणार?"

"आडात सोडायचा. रीतच हाय, बाई."

म्हणजे जोडी पुन्हा जमणार आणि आमचे बेडूक संपणार. मी बंबातलं कढत पाणी आणून ओतलं. त्याने एकदाच पाय ताणले.

"कसाई हायेस तू!" शालन किंचाळली. तासभर त्याला उलटा मिरवताना हिची दया कुठे होती?

पहिला अजून आडात आहे. "बिचारा" असं लिहिण्याआधी सांगा, त्याला पकडायला कोण उतरतंय?