भुयार आणि पोस्टकार्ड

आमच्या घरात वर्तमानपत्र येत नसे, पण पत्रकं मुबलक होती. नारायणगावात वडलांचा छोटा छापखाना होता, पायाने चालवायच्या एका ट्रेडल मशीनचा. लग्नपत्रिका आणि पावतीपुस्तकांवर घर चालायचं आणि उरलेल्या कागदावर वडील स्वतःची पत्रकं छापायचे. बुवाबाजीविरुद्ध, हुंड्याविरुद्ध, एकदा तर नवसाच्या बोकडाच्या बाजूने. छपाईत बिघडलेली पत्रकं बोरीला घरी यायची. माझ्या वह्यांना त्यांचीच कव्हरं, फडताळात डब्यांखाली तीच, आणि ओल्या चपलांत कोंबायलाही तीच. मी वाचायला शिकले ती 'जाहीर निवेदन' या दोन शब्दांवर. दहाव्या वर्षी मला घरातलं एक खातंही मिळालं. बुकपोस्टाने जाणाऱ्या पत्रकांवर पत्ते लिहायचे. वडलांपेक्षा माझं अक्षर बरं होतं.

अशा घरात वाढल्यावर विशीत माझी खात्री झाली होती की जगात जे काही वाईट आहे, ते केवळ त्याविरुद्ध कुणी पत्रक काढलेलं नाही म्हणून टिकून आहे.

नव्वदीचं दशक संपत आलं होतं. जुन्नरच्या एसटी स्टँडसमोर रसवंतीच्या कुडाला एक हाताने रंगवलेली पाटी लागली. 'जुन्या जुन्नरची पायी सैर. पेठा, वेशी, हौद आणि शिवनेरीला जाणारे गुप्त भुयार. आगाऊ पत्र पाठवावे.' खाली एका निवृत्त पोस्टमनचा पत्ता होता.

बाकी सगळं मी सोडून दिलं असतं. 'गुप्त भुयार' वाचलं आणि डोकं तापलं. आमच्याकडे ज्या गावात जाल त्या गावातून कुठल्या ना कुठल्या किल्ल्यावर भुयार जातं. लोक सांगतात ती सगळी भुयारं खरी असती तर तालुका कधीच खचून खाली गेला असता. मी त्याच दिवशी पोस्टकार्ड लिहिलं. 'मी पुण्याची रहिवासी असून इतिहासाची अभ्यासक आहे. एकटीसाठी खास सैर करावयाची आहे.' वर मैत्रिणीच्या पुण्याच्या खोलीचा पत्ता टाकला आणि पुण्याला तिच्याकडे जायला घरातून निघतानाच कार्ड पेटीत सोडलं. खोटं लिहिताना हात जरा अडखळला, पण ते लोकहितासाठी होतं.

उत्तर मैत्रिणीच्या खोलीवर आलं. अक्षर सुबक, भाषा सरकारी. 'रविवारी पुण्याचे कॉलेज येणार असल्याने आपणांस गुरुवार सकाळ देत आहे. कॉलेजच्या सरांना सैर पसंत पडल्यास ते दरवर्षी विद्यार्थी आणणार आहेत.'

म्हणजे रविवारी स्टँडवर पन्नासेक शिकलेली पोरं उतरणार होती. याहून चांगली संधी कुठली? मी छापखान्यात बसून अक्षरांचे खिळे जुळवले. मथळा, 'भुयाराचे भूत गाडा'. पहिला परिच्छेद झाला, शेवटचा झाला. मधली जागा मोकळी ठेवली. तिथे गुरुवारी ऐकलेल्या थापा भरायच्या, शनिवारी छापायचं आणि रविवारी पोरं गाडीतून उतरली की हातात द्यायचं. त्यानंतर सैर करणारा पोस्टमन उरणार नव्हता.

गुरुवारी मी मैत्रिणीची जीन्स घातली, काळा चष्मा लावला, गळ्यात रोल नसलेला कॅमेरा अडकवला. बोरीहून आलेल्या गाडीतून उतरून स्टँडवर थांबले आणि पुण्याची गाडी लागली तशी तिच्या उतारूंत मिसळून बाहेर आले.

पोस्टमनकाका रसवंतीपाशी उभे होते. पांढरा शर्ट, नोकरीतलीच खाकी पँट, बगलेत छत्री. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"प्रवास सुखकर झाला ना, ताई?"

"हो. पेठ गावाच्या पुढे जरा गर्दी होती गाडीला," मी म्हणाले.

"असणारच," ते गंभीरपणे म्हणाले आणि चालू लागले.

पेठांतून चालताना ते ग्रंथासारखं बोलत. पहिल्या विहिरीपाशी थांबून म्हणाले, "या विहिरीत एका राणीची नथ पडली. सात दिवस पाणी उपसले. अखेर ती एका माशाच्या नाकात सापडली."

मी वही काढली. लिहून घेतलं.

पुढे एक बोळ लागला. दोन माणसं समोरासमोर आली तर एकाला मागे सरावं लागेल इतका अरुंद. "येथून सरदारांचे हत्ती जात असत."

"इथून? हत्ती?"

"आडवे चालत. तशी शिकवण दिलेली असे."

मला हसू आलं नाही. मला आनंद झाला. पत्रकाची मोकळी जागा भरत होती. त्यापुढच्या चौकटीवर दगडात एक खाच होती. ती एका सरदाराच्या मिशीने पडली, रोज जाता-येता घासून. मी मिशीची लांबी विचारली. त्यांनी छत्री आडवी धरून दाखवली. मी तेही लिहिलं. ओट्यावर बसलेले दोन म्हातारे आमच्याकडे पाहून तोंडावर उपरणं धरत होते. ते मी वहीत लिहायला हवं होतं, पण माझं लक्ष मिशीत होतं.

शेवटी एका जुन्या घरासमोर ते थांबले, आवाज खाली आणला. "या घरात ते भुयार. तीन घोडेस्वार शेजारी-शेजारी दौडत जातील एवढे. थेट शिवनेरी. मात्र आत प्रवेश नाही. बाहेरूनच दर्शन."

"का नाही प्रवेश?"

"परंपरा."

परंपरा म्हटलं की आमच्या घरात जेवण थांबायचं. मी सरळ कडी वाजवली. "ताई, अवो, नका," असं मागून ऐकू आलं. ग्रंथ गळून पडला होता.

दार उघडलं ते पन्नाशीच्या एका बाईंनी. हातात मेथीची जुडी होती. मी विचारलं, "मावशी, तुमच्या घरात भुयार आहे का?"

बाईंनी माझ्याकडे पाहिलं, मग माझ्यामागे. "का वं, पोस्टमनभाऊ, माझ्या घरात भुयार कधी केलं तुमी?"

"वैनी, तसं न्हाई..."

"तरीच म्हनलं, पावणं येऊन माझ्या दाराचं फोटू का काढत्यात. मी आपली दर रविवारी दारात सडा टाकतीया, रांगोळी काढतीया. म्हनलं, घर आवडलं आसंल."

त्या आम्हाला आत घेऊन गेल्या. माजघराच्या कोपऱ्यात फरशीखाली एक गोल तोंड होतं. "पेव हाय त्ये. जवारी साठवायचं. माझ्या सासऱ्याच्या टायमापासनं रिकामं हाय."

माझा विजय झाला होता, पण मला पुरावा डोळ्यांनी पाहायचा होता. मी काळा चष्मा काढला आणि पाय आत सोडू लागले. बाईंनी मेथी टाकून माझा दंड धरला.

"मरायचं हाय का? पेवात कुणी आसं उतरतं का?"

त्यांनी कंदील पेटवला आणि दोरीने खाली सोडला. पुरुषभर खाली जाईपर्यंत ज्योत जळत होती. मग पिवळी झाली, लहान झाली, आणि कुणी फुंकर न मारता विझली.

"बघितलं? आतली हवा आसली," बाई म्हणाल्या. "दिवा जगला तर माणूस जगतं. तुमच्या पुण्यात शिकवत न्हाईत व्हय?"

"पुण्यात कशाला शिकवतील," पोस्टमनकाका म्हणाले. "बोरीत शिकवायला पायजे व्हतं."

मी वळून पाहिलं. त्यांनी खिशातून माझं पोस्टकार्ड काढून बाईंच्या हातात दिलं. "वैनी, पत्ता वाचा. आता तिकिटावरचा शिक्का वाचा."

बाईंनी कार्ड दिव्याच्या देवळीकडे धरलं. "पत्ता पुण्याचा. शिक्का... बोरीचा हाय की."

"तीस वर्सं पोस्टात काढली. मानूस आधी नाव वाचतं, आमी आधी शिक्का वाचतो. शिक्का न्हाई वाचला तरी ह्यं अक्षर वळखलं आसतं. नारायणगावच्या प्रेसवाल्यांची लेक. ह्याच अक्षरातली बुकपोस्टं म्या दर म्हैन्याला ह्या समद्या पेठांत वाटलीत." मग माझ्याकडे वळून म्हणाले, "पेठच्या पुढं गर्दी व्हती म्हनं गाडीला."

बाई पदर तोंडाला लावून हसत होत्या. माझे कान तापले. त्यांची थाप होती, पण माझ्या वहीत मीच उतरवलेले आडवे हत्ती होते.

"म्हणजे नथ, हत्ती, मिशी..."

"ते खास तुमच्यासाठी. बाकीच्यांना म्या फकस्त भुयार सांगतो."

"पण का?"

"बुकपोस्ट उघडं आसतं, ताई. तुमच्या वडलांचं येक-येक पत्रक म्या वाचून वाटलंय. ह्ये करू नका, त्ये सोडा, हिकडं चुकलात, तिकडं बुडालात. तीस वर्सं ऐकून घेतलं. म्हनलं, येकदा तरी आपण सांगावं आन् त्या घरातल्या कुणीतरी लिहून घ्यावं."

मला राग यायला हवा होता. आला नाही, याचाच राग आला. म्हणून मी पत्रकाचं सांगून टाकलं. मथळ्यासकट, रविवारसकट.

ते हसायचे थांबले. छत्रीची मूठ एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. "छापा. खरं हाय त्ये छापायला म्या कोन आडवनार. पर नोकरी सुटली आन् पाय सुटले न्हाईत, बघा. सकाळी उठून ह्याच गल्ल्यांनी हिंडायचो, तर लोक इचारायचे, आता काय काम? सैर काढली तवापासनं कुणी इचारत न्हाई."

"मग खरं सांगून सैर काढा."

"खऱ्यात बगन्यासारखं काय हाय?"

"तुम्हीच सांगा. तीस वर्षं हिंडलात."

त्यांनी थोडा विचार केला आणि मला एका पडक्या बोळाच्या टोकाला नेलं. तिथे जमिनीत बांधलेला दगडी हौद होता. एक बाई त्याच्या काठावर घोंगडी आपटत होती. "हितं कागद व्हायचा," ते म्हणाले. "हातानं. चिंध्या, गोणपाट कुटायचं, ह्या हौदात कालवायचं. चाळनीवर धरून ताव काढायचा, भितीला चिकटवून वाळवायचा, मंग दगडानं घोटायचा. जुन्नरचा कागद लई नावाजलेला व्हता. म्या नोकरीला लागलो तवा हितले म्हातारे सांगायचे. कुनाला दावत न्हाई. धुन्याचा हौद बगायला पुन्यासनं कोन येतंय?"

मी हौदाच्या काठावर बसले. आमच्या घरात कागदाशिवाय दुसरं काही नव्हतं, आणि एसटीने तासाभरावर कागदाचं माहेर आहे, हे माझ्या वडलांच्या एकाही पत्रकात नव्हतं.

"काका, रविवारी हे दाखवा. आणि ते पेव. पेव म्हणूनच."

"आन् भुयार?"

"भुयार नाही."

"येक राहू द्या की."

"एकही नाही."

"अर्धं? शिवनेरीपर्यंत नगं. वेशीपर्यंत."

हौदावरची बाई म्हणाली, "देऊन टाका की वं वेशीपर्यंत, म्हातारं मानूस हाय."

मी दिलं नाही. तेव्हा मी तत्त्वाची फार पक्की होते.

शुक्रवारी मी जुने खिळे मोडून नवे जुळवले. एका बाजूला पेठांचा नकाशा, दुसरीकडे हौद, पेव आणि कंदिलाची रीत. वडलांनी चष्मा चढवून प्रूफ वाचलं. उलटंपालटं करून पाहिलं.

"हे पत्रक कशाच्या विरुद्ध आहे?"

"कशाच्याच नाही."

ते काळजीत पडले. "मग लोक वाचतील कशाला?"

रविवारी गाडीतून उतरल्या उतरल्या पोरांनी पहिला प्रश्न तोच विचारला, "भुयार कुठंय?" काकांनी माझ्याकडे पाहिलं. "ताई सांगतील." मी सांगितलं की भुयार नाही. पन्नास चेहरे एकदम पडले. सरांनी घड्याळात पाहिलं. एक जण म्हणाला, रस पिऊन लगेच परत निघू. काका छत्रीच्या टोकाने मातीत रेघा काढत राहिले. मी न छापलेल्या पत्रकाने ते मोडले असते, त्याहून लवकर माझं खरं बोलणं त्यांना मोडत होतं.

हौदापाशी पोरांनी जांभया दिल्या. तेव्हा काकांनी ग्रंथ सोडला आणि आपल्या भाषेत सुरुवात केली. कोणत्या घरातला म्हातारा तावाला हात लावून पाऊस सांगायचा, कोणाच्या भिंतीवर अजून तावांचे चौकोन दिसतात. दोन-चार पोरं भिंत बघायला गेली आणि त्यांना खरंच चौकोन दिसले. मग पेवापाशी वैनींनी कंदील खाली सोडला. अर्धी पोरं दारात, अर्धी खिडकीत. ज्योत पिवळी झाली, लहान झाली आणि विझली. मागून एक मुलगी हळूच म्हणाली, "परत सोडा ना." वैनींनी तीनदा सोडला. चौथ्यांदा म्हणाल्या, "राकेल काय तुमचं सर आननार हायेत का?"

गाडीत बसताना सर म्हणाले, पुढच्या वर्षी नक्की. मी पत्रकांचा उरलेला गठ्ठा बांधत होते. तेवढ्यात ते परत खाली उतरले आणि काकांना बाजूला घेऊन अगदी खालच्या आवाजात त्यांनी विचारलं, "पण खरंच नाहीये का हो भुयार?"

काकांनी माझ्याकडे पाहिलं. माझी पाठ आहे अशी खात्री करून घेतली, हे मला गाडीच्या काचेत दिसलं.

"हाय," ते म्हणाले. "वेशीपर्यंत. पर ताईंना सांगू नका."

मी न वळता गठ्ठ्याची गाठ सोडली आणि पुन्हा पहिल्यापासून बांधायला घेतली.