कंट्रोलच्या बटणावरचं कुंकू

माझं शुद्धलेखन चुकतं आणि अक्षरही वेडंवाकडं आहे, वाचणाऱ्याने सांभाळून घ्यावं. शाळा चौथीपर्यंतच झाली. माझ्या वर्गातली सुनंदा काविळीने गेली, हे मला ऑफिसात कप विसळताना कळलं. त्याला आता महिना होईल.

चौथीत माझा पहिला नंबर होता, तिचा सातवा. मग वडिलांनी मला घरी ठेवलं आणि ती मॅट्रिक होऊन टायपिंग शिकली. पुढे पोफळीला वीजघराच्या ऑफिसात आमची पुन्हा गाठ पडली, ती टायपिस्ट आणि मी चहापाण्याला. कॉम्प्युटर आला, तेव्हा त्याच्या खोलीत चपला बाहेर काढून जावं लागे. बाकीचे बाणाचं बटण दाबत एकेक ओळ खाली उतरायचे. सुनंदा डाव्या करंगळीने कंट्रोलचं बटण धरायची, दुसऱ्या हाताने एकदोन अक्षरं दाबायची, की अख्खा परिच्छेद उठून खाली जाऊन बसायचा. साहेब तिचं कौतुक करत. मी चहा ठेवून बाहेर येई... पहिला नंबर माझा होता, हे सांगणार कुणाला?

खंडेनवमीला कॉम्प्युटरची पूजा माझ्याकडे होती. झेंडू वाहिला आणि कुंकू पाण्यात दाटसर कालवून नेमकं त्याच बटणावर लावलं. मुद्दाम. सुट्टी संपली, तेव्हा कुंकू सुकून बटण घट्ट बसलेलं, दाबलंच जाईना. त्या दिवशी सुनंदाही बाण दाबत बसली, तिची पाचची एस्टी चुकली. मग ती मोरीपाशी माझ्यामागे येऊन उभी राहिली.

"त्याच बटणावर गो?"

मी कप विसळत राहिले.

"साहेबांना अजून कळलं नाही मशीन कुठून पळतं ते. तुला नुसतं बघून कळलं." ती हसली. "एवढी जळतेस तर शीक तरी. उद्या डबा खाल्लास की ये."

ती कुणाला काही बोलली नाही. महिनाभर मला शिकवलं. मला ते आवडायचं आणि तिचा रागही यायचा... मोठेपणसुद्धा तिच्याच वाट्याला.

परवा तिच्या जागी आलेली मुलगी बाण दाबत होती. चहा ठेवताना माझ्या तोंडून निघून गेलं, "परिच्छेदाच्या दोन्ही टोकांना खुणा केल्यास ना? आता कंट्रोल धर, के दाब, मग व्ही."

परिच्छेद खाली जाऊन बसला. मुलगी बघतच राहिली. "मावशी, कुणी शिकवलं तुम्हाला?"

"कुणी नाही. बघून बघून आलं."

तिथे तिचं नाव घ्यायला माझी जीभ वळली नाही. म्हणून इथे लिहिते. सुनंदाने शिकवलं.