ज्ञानोबा वाघचौरे, लेखक

अण्णा गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी गारखेड्याच्या चौकात फ्लेक्स लागला. वर 'भावपूर्ण श्रद्धांजली', मधे हात जोडलेला फोटो आणि नावाखाली 'सेवानिवृत्त शिक्षक'. भाजीची पिशवी हातात घेऊन मी तिथंच थबकले. शिक्षक? माझ्या सख्ख्या भावानं जन्मात कधी खडू हातात धरला नाही!

अण्णा सिनेमे लिहायचा. सकाळच्या खेळाचे, पोस्टरवर अर्धी बाई आणि पूर्ण पलंग असलेले, कुणाच्या तरी फार्महाउसवर आठवड्याभरात उरकलेले. मुंबईचे निर्माते कथा न्यायचे आणि लेखक म्हणून कुठलंतरी बनावट नाव टाकायचे, दर खेपेला नवं. "एकदा तरी माझं नाव येऊ द्या की," एवढं एकच मागणं त्यानं आयुष्यभर केलं. एकानं तर तोंडावर सांगितलं, "अण्णा, पडद्यावर ज्ञानोबा आला तर लोक चपला काढून आत येतील." सगळे हसले. अण्णाही हसला, पण घरी येऊन जेवला नाही.

लिहायची त्याची तऱ्हा न्यारी. दुपारी माझ्या स्वयंपाकघरात पाटावर बसायचा आणि बायकांची वाक्यं मोठ्यानं वाचायचा. मी भाकरी थापता थापता ऐकायचे.

"बाई अशी बोलते का गं?"

"नाय बोलत. एवढ्या लवकर कुणी लाजत नसतं."

की लगेच खोडायचा. त्याच्या प्रत्येक सिनेमात पलंगाआधी ताट असायचं. माणूस घरात आला की बाईला आधी विचारणार, "खाना खाए क्या?" निर्माते वैतागायचे, पिक्चर है या खानावळ! अण्णा हटायचा नाही. "ज्यानं बाईला जेवलीस का म्हणून विचारलं नाही, त्याला मी दिवा मालवू देणार नाय." त्या सिनेमांतली एक नटी एकदा अण्णाच्या घरी आली होती. वहिनीनं वाढलेलं जेवली आणि हमसून रडली. "कॅमेरे के सामने ही सही, किसी ने पूछा तो..." म्हणाली.

अशा माणसाला शिक्षक करायचं? भाच्याला जाब विचारला, तर म्हणतो, "आत्या, माझ्या पोरीचं लग्न जमतंय. लोक काय म्हणतील?"

"लोक? अरे, लोकच तर बसले होते तिकीट काढून, तोंडाला रुमाल बांधून!"

शोकसभेत तर कहर झाला. कुणी ओळखेल म्हणून अण्णाच्या सिनेमाच्या मध्यंतरातही खुर्चीतून न उठणारे एक गृहस्थ माईकवर म्हणाले, गुरुजींनी पिढ्या घडवल्या... माझं डोकंच फिरलं. उठून म्हणाले, "गुरुजी नव्हता तो. लेखक होता. तुम्हाला चांगलं ठाऊक आहे." गृहस्थांनी मान खाली घातली, आणि कुणीतरी घाईघाईनं चहा फिरवायला सांगितला.

जिवंतपणी परक्यांनी नाव खाल्लं, मेल्यावर घरच्यांनी. लाज वाटायला पाहिजे!

पाट अजून ओट्याखालीच आहे. काल तो ओढला, समोर बसले आणि हे लिहिलेलं सगळं मोठ्यानं वाचून दाखवलं. दोन ठिकाणी अडले, तिथं खोडलं. बाई अशीच बोलते, अण्णा. आणि नावाचं म्हणशील, तर या वेळी कुणाला विचारत बसले नाही. सगळ्यात वर घातलंय.